खोली काही रिकामी होईना

मालकाला जुनी इमारत पाडायची होती, आणि सुरुवात त्याने इस्त्रीवाल्या आत्यापासून केली. एकटी बाई, मागेपुढे कोणी नाही. ही उठली की बाकीचे आपसूक उठतील, असा त्याचा होरा. सकाळीच कोर्टाचा बेलीफ हमाल घेऊन दारात आला. हुकूम असा: सूर्य मावळायच्या आत खोली रिकामी करून कुलूप लावायचं. जमलं नाही तर हुकूम रद्द, आणि मग सगळ्या भाडेकरूंचं ऐकल्याशिवाय कोणालाही हलवायचं नाही.

आत्याने डोळ्यांना पदर लावला. भाडेकरूंच्या संघटनेची पुढारी, जिला सगळे 'तोफ' म्हणत, पदर खोचून म्हणाली, "आत्या, रडायचं ते नंतर. मागचा जिना कशाला आहे?"

हमालांनी पलंग पुढच्या जिन्याने रस्त्यावर नेला. शेजारच्या खोलीतल्या गवंड्याने आणि त्याच्या भावांनी तो मागच्या जिन्याने, मागच्या दाराने परत आत आणला. कोळशाची इस्त्री गेली, आली. भांडी गेली, आली.

बेलीफ खवळला, "हा काय पोरखेळ लावलाय?"

"साहेब, रस्त्यावर टाकलेली वस्तू उचलू नये, असं हुकुमात कुठं म्हटलंय?" तोफ कडाडली. "दाखवा की!"

साहेबांनी हुकूम उलटसुलट पाहिला आणि घडी घालून खिशात ठेवला.

दुपारनंतर शेजाऱ्यांना चेव आला. शिंप्याने आपलं मशीनही आत सरकवलं. कोणी कपाट आणलं, कोणी बाकडं. शेजारणीने तर पाळणाच आणून ठेवला. हमालाने तो उचलला मात्र, आतल्या पोराने असा टाहो फोडला की त्याने तो जागच्या जागी ठेवला.

हमालांचा मुकादम घाम पुसत पलंगावर बसला. "या पलंगाची नि माझी आता सोयरीक झाली. साहेब, सकाळपेक्षा सामान वाढलंय."

"ऊठ, मजुरी घेतोस ना?"

"घेतो की. पण माझ्याही घरमालकाने परवा दम दिलाय." तो तोफेकडे वळला. "ताई, तुमच्या संघटनेत आमच्या चाळीला घ्याल का?"

"आधी पलंगावरून ऊठ, मग घेते!"

सगळे खो खो हसले. समोरच्या छपरामागे सूर्य बुडाला. बेलीफ खाली रस्त्यावर ताटकळत उभ्या मालकाला एवढंच म्हणाला, "आता कोर्टात भेटा. सगळ्यांना," आणि निघून गेला. जिन्यावर एकच जल्लोष उठला.

आत्या मात्र उंबऱ्यावर अडकून उभी. आत पाय ठेवायला जागा नव्हती. डोळे पुसत, हसत ती ओरडली, "अरे मेल्यांनो, घर वाचवलंत, आता मला त्यात शिरू तरी द्या!"

मुकादमाने बाह्या सरसावल्या. "चला रे. शिंप्याचं मशीन आधी. आणि जपून, पोर झोपलंय."