शेवटच्या रांगेतला रुमाल

बाईंनी नाटकात पंचवीस वर्षं काढली आणि टीव्हीवर अठरा. पहिल्या पंचवीस वर्षांत लोकांनी टाळ्या दिल्या, पुढच्या अठरांत शिव्या, कारण मालिकेत त्या खाष्ट सासू होत्या. भाजीवालासुद्धा "त्या सुनेला दोन घास सुखाचे खाऊ द्या हो" म्हणून सुनावायचा. ती मालिका एकदाची संपली आणि एकाहत्तराव्या वर्षी बाई पुन्हा नाटकाकडे वळल्या. दिग्दर्शिका त्यांची सख्खी भाची, आणि मावशीसारखीच फटकळ.

पहिल्याच तालमीत फजिती झाली. एक जोरकस वाक्य बोलून बाई थांबल्या, एक भुवई वर चढवली आणि तशाच राहिल्या. समोरची नटी ताटकळली.

"मावशी, काय झालं?"

"क्लोजअप घेताय ना?" बाईंच्या तोंडून निघून गेलं.

सगळे खो खो हसले. बाईही हसल्या, पण आतून चरकल्या.

भुवईची खोड चार दिवसांत गेली. आवाजाचं मात्र काही खरं नव्हतं. अठरा वर्षं माइक गळ्याशी आणि कॅमेरा नाकाशी, मग मोठ्यानं बोलतंय कोण! शेवटी भाचीनं आडपडदा ठेवला नाही.

"रंगीत तालमीला शेवटच्या रांगेत ऐकू आलं नाही, तर मी दुसरं कुणीतरी बघेन. मावशी म्हणून सूट नाही."

"मागितली कुणी?" बाई म्हणाल्या. घरी येऊन मात्र त्यांनी मुकाट्यानं इस्त्रीबाईला फोन लावला.

इस्त्रीबाई म्हणजे जुन्या नाटक कंपनीत कपडे सांभाळणारी. अंक सुरू झाला, की ती शेवटच्या रांगेत जाऊन बसायची. दोघींचा ठरावच होता. आवाज पोचला नाही की तिनं पांढरा रुमाल वर धरायचा आणि बाईंनी आवाज चढवायचा. एवढ्या वर्षांत एकाही प्रेक्षकाला याचा सुगावा लागला नव्हता.

इस्त्रीबाई आली, जिन्याला आणि स्वतःच्या गुडघ्यांना लाखोली वाहत. तीन दिवस रुमाल खाली आलाच नाही. चौथ्या दिवशी ती उठून उभी राहिली.

"हात मोडला माझा! त्या पोरीच्या कानात काय कुजबुजतेस? ती हातभर अंतरावर आहे. मला सांग की! एवढे जिने चढून मी काय मूकपट बघायला येते?"

बाईंचं डोकं फिरलं. पुढचं वाक्य त्यांनी रागारागानं थेट तिच्या अंगावर फेकलं. रुमाल खाली गेला. बाईंना तेव्हा कुठे वाटलं, की जमेल.

रंगीत तालमीला शंभरेक पाहुणे होते. पहिल्या अंकात रुमाल दोनदा वर आला आणि बाईंनी दोनदा सावरून घेतलं. दुसऱ्या अंकात त्यांचं मोठं वाक्य होतं. मुलगी आईला आपल्याकडे न्यायला येते आणि आई म्हणते, "मला अजून माझ्याच घरात राहायचंय." बाई ते बोलल्या आणि त्यांनी शेवटच्या रांगेकडे पाहिलं. रुमाल नाही. त्यानंतर शेवटपर्यंत नाही.

म्हातारी झोपली की काय? की तिला आपली कीव आली? ही दुसरी शंका बाईंना जास्त झोंबली.

पडदा पडला, टाळ्या झाल्या. बाई रंगलेल्या तोंडानंच खाली उतरल्या आणि भाचीला मागे टाकून तडक शेवटच्या रांगेत गेल्या.

"रुमाल का नाही दाखवलास? उपकार करतेस माझ्यावर?"

इस्त्रीबाईचे डोळे लाल झाले होते. तिनं रुमाल बाईंच्या हातात कोंबला. तो ओलाचिंब होता.

"हा वर धरू, की डोळे पुसू? एकच तर आणला होता."

मागून भाचीचा आवाज आला, "मावशी, उद्या दहाला तालीम. उशीर चालणार नाही."

"ऐकलंस ना?" बाई इस्त्रीबाईला म्हणाल्या. "उद्या दोन आण."