दोन बरण्यांतला बुळबुळा

मी एक बुळबुळा बोलतोय. दचकू नका, मला चावायला दात नाहीत. हात नाहीत, पाय नाहीत, हाड तर नावालाही नाही. ‘बुळबुळीत माणूस’ म्हणून तुम्ही एकमेकांना हिणवता ना, ते आमच्या जातीवरून. हिणवणाऱ्याने एकदा आम्हाला ओंजळीत धरून पाहावं, मग बोलावं.

माझा जन्म एका रंगशाळेच्या मोरीत झाला. रंगाचं पाणी साचलं की आम्ही आपोआप धरतो, दही विरजावं तसे. सूत धुऊन उरलेलं गढूळ पाणी रंगारी आमच्या अंगावर ओततात. आम्ही रंग खातो, पाणी नितळ करून सोडतो. जो रंग खाऊ तोच अंगावर दिसतो. आमच्या पोटात काही राहत नाही; लपवाछपवी तुम्हा माणसांची.

माझी मालकीण एक रंगारीण. कोपरापर्यंत हात कायमचे जांभळे, जीभ तिखट. तिला एकच लेक. आमचं शहर कड्यावर आहे आणि कड्याखाली धुक्याचा समुद्र. त्यावर बेटं तरंगतात. ती एकमेकांवर आदळू नयेत म्हणून दोरांनी बांधून ठेवावी लागतात. लेकीला त्याच कामावर जायचं होतं. तिकडे नाव सुटते वर्षातून दोनदा. पत्र पाठवावं तर धुक्यात कागदाचा लगदा होतो.

म्हणून आमच्याकडे रीत आहे. घरचं माणूस बेटांवर निघालं की एक बुळबुळा मधोमध कापायचा. अर्धा घरी, अर्धा त्याच्याबरोबर. एका अर्ध्याने रंग खाल्ला की दुसऱ्यावरही तोच चढतो, मध्ये कितीही धुकं असो. मात्र कापताना बुळबुळ्याने अंग सैल सोडावं लागतं. त्याने आवळून धरलं तर सुरी आत शिरत नाही.

“आई, दुखेल का गं त्याला?” लेकीने विचारलं होतं.

“तुला निघताना दुखतंय ना? तेवढंच,” आई म्हणाली आणि तिने सुरी फिरवली.

तेव्हा मी पोरसवदा होतो. सहज सैल झालो.

मायलेकींचं ठरलं होतं : पिवळा म्हणजे ‘मी बरी आहे’, निळा म्हणजे ‘तुझी आठवण येते’. रोज सकाळी लेकीची रंगाची चिमूट, रोज संध्याकाळी आईची. सात वर्षं मी पिवळाच होत राहिलो.

“निळा काही फुटत नाही कार्टीला,” आई माझी बरणी पुसताना म्हणायची. “मजेत असेल. मग मीच कशाला निळा टाकू?” आणि स्वतःही पिवळाच टाकायची.

मला मात्र माझा अर्धा हवा होता. शब्दांत कसं सांगू? झोपेत तुमची एकच कूस रोज पांघरुणाबाहेर उघडी पडली तर कसं वाटेल, तसं.

आठवड्यापूर्वी नाव आली. नावाडी कापडात गुंडाळलेली बरणी घेऊन दारात उभा राहिला.

“मावशी, पोरीने पाठवलाय. वाळत चाललाय म्हणाली. आठ दिवस तुझ्या हौदात डुंबू दे, नाव सुटताना परत दे. दोघांना एका भांड्यात ठेवायचं नाही, हे तिने माझ्याकडून तीनदा वदवून घेतलंय.”

“मी रंगारीण आहे रे. मला शिकवतोस?”

“छे! पोरगी आईवर गेलीय, एवढंच सांगतोय.”

रोज त्याला डुंबवून झालं की ती आमच्या बरण्या फळीच्या दोन टोकांना ठेवायची. काल दुपारी ती सूत वाळत घालायला गेली. मी बरणीबाहेर आलो. पलीकडून तोही आला. फळीच्या मध्यावर आम्ही एक झालो.

आणि त्याचं सगळं मला कळलं. दोराने लेकीचा तळवा फाटला त्या दिवशीही तिने पिवळा टाकला होता. तापातही पिवळाच. रोज सकाळी ती आधी निळी पुडी उघडायची, थांबायची, “नको, आई काळजी करेल,” म्हणत बांधून ठेवायची. संध्याकाळी आईचा रंग उमटेपर्यंत जेवायची नाही.

आई परत आली. एकच मोठा गोळा पाहून तिने रिकामी टोपली खाली ठेवली. मग माझ्यावर हात ठेवून म्हणाली, “भेटलात होय रे?”

आज सकाळी नावाडी आला. “काप की पुन्हा, त्यात काय!”

“सात वर्षांनी भेटलेत. माझ्या हातून नाही व्हायचं.”

“आणि पोरीने सहा महिने रिकाम्या बरणीत काय बघायचं?”

“बघेल समुद्र. तिला कुठे माझी आठवण येते?” आईने तोंड फिरवलं. “तू जा. तिसऱ्या घंटेला नाव सुटते ना तुझी?”

पहिली घंटा झाली तेव्हा मी निळ्या रंगाच्या हौदाकडे सरपटत निघालो होतो. मिळेल तेवढा निळा खाल्ला. दुसरी घंटा झाली तेव्हा मी कापायच्या फळीवर येऊन पडलो होतो.

आईने मला पाहिलंय. ती हौदाकडे बघते, माझ्याकडे बघते. हा हौदातला निळा नव्हे, हे तिला कसं सांगू? सात वर्षांच्या बांधून ठेवलेल्या पुड्या आहेत या. तिची बोटं सुरीवर आली आहेत, पण सुरी तिने अजून उचललेली नाही.

वाचकहो, तुमच्याही घरात अशी एखादी पुडी असेल तर आजच उघडा, सात वर्षं थांबू नका.

आई, मी अंग सैल सोडलंय. मला दुखेल, आता मला कळतं. तरी फिरव सुरी. खिडकीबाहेर घंटेवाल्याने तिसऱ्या घंटेसाठी दोर हातात घेतलाय.