चिमूटभर धने

खिळ्याला टांगलेल्या पंचांगाचा दोरा एका जागी विरला होता — किसनराव जोशी मघापासून त्या दोऱ्याकडेच बघत बसले होते, कारण तिकडे बघितलं की ओट्याशी उभ्या कडूबाकडे बघावं लागत नव्हतं.

"पोरीचा ताप तीन दिस झाले उतरून नाही राह्यला, महाराज. बुलढान्याच्या दवाखान्यात नेतो म्हनतो. पन आज बुधवार… उत्तरेले दिशाशूल. उद्या निंघू काय?"

उद्या! गेल्या ज्येष्ठातही बुधवारच होता. हाच कडूबा इथंच उभा होता, त्याची बायको मंजुळा घरी पोट धरून लोळत होती, आणि आपण पाटावर, पहिला घास हातात… बुधवारी उत्तरेला जाऊ नये, उद्या ने — एवढं बोलून आपण वरणभाताकडे वळलो. खरं तर पुढचं वाक्यही पाठ होतं: अडलं असेल तर चिमूटभर धने चावून निघावं, दोष लागत नाही. पण ते सांगायचं म्हणजे हा आणखी चार गोष्टी विचारणार, भात निवणार! आग लागो त्या भुकेला. मंजुळानं गुरुवार पाहिलाच नाही. आणि तेराव्याला त्याच्याच अंगणात बसून आपण काय म्हणालो? विधिलिखित. कुठल्या तोंडानं म्हणालो देव जाणे — सगळ्यांनी माना हलवल्या, कडूबानंसुद्धा.

"उद्या नाही," किसनराव एकदम ओरडलेच. "आत्ता निघ! अगं, धने आण मूठभर."

अन्नपूर्णाबाईंनी आतून धने आणून कडूबाच्या ओंजळीत घातले.

"हे चावून निघालास की दिशाशूल बाधत नाही. पोरीलाही दे दोन दाणे."

कडूबा धन्यांकडे बघत राहिला.

"मंग… त्या दिशी भी चाललं असतं काय, महाराज?"

नाही म्हणायला काय लागत होतं!

"चाललं असतं. मी जेवत होतो, कडूबा."

आता त्यानं शिव्या द्याव्यात, ओंजळ तोंडावर फेकावी… पण कडूबानं चार दाणे तोंडात टाकले, उरलेले पटक्याच्या टोकाला बांधले, सवयीनं वाकून पायाला हात लावला आणि "येतो" म्हणून भराभरा गाडीकडे गेला.

एकदा बोलून टाकलं की मोकळं वाटेल, असं वर्षभर वाटत होतं. कसलं मोकळं! आजवर हे एकट्या आपल्या उरात होतं. आता तापलेल्या पोरीला मांडीवर घेऊन तो बिचारा बुलढाण्यापर्यंत तेच चावत जाणार होता.