डबाभर गोगलगायी

नवसाबाईने विळ्याच्या पाठीने शंखाचं टोक टचकन उडवलं आणि गोगलगाय परातीत टाकली. पुढची उचलली, दगडावर आडवी धरली, पुन्हा टचकन. तिच्या हातांना डोळ्यांची गरज नव्हती. ती बघत होती रोशनीकडे.

"टोक नाही उडवलं तर काय होतं, मामी?"

"काय व्हायचं? सकाळधरनं सांजपर्यंत वढत बसशील. गालफडं बसतील, पन आतलं भायेर यायचं नाय. मागून वारा शिरला पायजेल."

रोशनीने वहीत लिहून घेतलं. मग तिने पिशवीतून व्हर्नियर काढला, परातीतली एक गोगलगाय त्याच्या दोन जबड्यांत अलगद धरली आणि आकडा वाचला.

"माप घेती व्हय?" नवसाबाई म्हणाली. "पोलकं शिवती का तिला?"

रोशनी खळखळून हसली. पडवीच्या कडेला लसूण सोलत बसलेल्या सवितालाही हसू आलं, पण जरा उशिरा.

पेठपलीकडच्या या पाड्यावर सविता लहानाची मोठी झाली होती. लग्नानंतर ती सातपूरला गेली, एका खासगी दवाखान्यात नर्स म्हणून लागली आणि तिथलीच झाली. गेल्या मार्गशीर्षात तिची आई, भागीबाई, वारली. त्यानंतर ती आज पहिल्यांदाच माहेरी आली होती, तीही लेकीमुळे, रोशनीमुळे. रोशनी प्राणिशास्त्रात एमएस्सी करत होती आणि भातखाचरांतल्या गोगलगायी हा तिच्या प्रकल्पाचा विषय होता. कुठल्या खातात, कधी खातात, कशा खातात. घरी हे सांगितलं तेव्हा सविता म्हणाली होती, "मामीला विचार. मला काही आठवत नाही."

आठवत सगळं होतं. गोगलगायी रात्रभर पाण्यात ठेवायच्या म्हणजे पोटातला चिखल निघून जातो. बादलीच्या काठाला राख फासायची, नाहीतर सकाळी त्या भिंतीवर सापडतात. पण या सगळ्याच्या तळाशी एक डबा होता, आणि वहिनीने रोशनीसमोर त्याचा विषय काढू नये एवढंच सविता सकाळपासून मनात म्हणत होती.

नवसाबाईने दोन मोठ्या गोगलगायी न फोडताच बाजूच्या तांब्यात सोडल्या.

"या का ठेवल्या?" रोशनीने विचारलं.

"पोटुशी हायेत. तुझा मामा खाचराकडं गेला का सोडील परत."

रोशनीचं पेन थांबलं. "मामी, ही जात अंडी घालत नाही, माहितीये? पिल्लं पोटातच वाढतात. शंखासकट बाहेर येतात. आणि मादी नरापेक्षा मोठी असते. आम्हाला हे पुस्तकात शिकवलं. तुम्हाला कोणी सांगितलं?"

"दातांनी."

"म्हणजे?"

"पोटुशी खाल्ली का वाळूगत कचकच लागतं. येवढाले येवढाले शंख. एकदा लागलं का मंग बाई मोठी उचलतच नाय."

रोशनीने 'दातांनी' हा शब्द लिहून त्याखाली दोन रेघा ओढल्या. मग म्हणाली, "फ्रान्समध्ये लोक नटूनथटून जातात गोगलगायी खायला. लसूण आणि लोणी घालून भाजतात. एका ताटलीत सहा देतात."

"सा?"

"सहा."

"आन् मंग जेवतात कवा?"

आता सविताही वेळेवर हसली. पण हसता हसता तिची नजर समोरच्या फळीवर गेली. तिथे पितळेच्या तांब्यांशेजारी तो स्टीलचा डबा होता. कडीचा, झाकणाला पोचा आलेला.

बावीस वर्षं झाली होती. रोशनी बारा दिवसांची होती. सातपूरच्या भाड्याच्या खोलीत आई एसटीने, मग शहर बसने, मग चालत अशी आली होती. हातात फडक्यात बांधलेला हा डबा. बाळंतिणीला ताकद येते, डोळ्यांना चांगलं असतं, म्हणून पहाटे उठून केलेल्या गोगलगायी. तिने झाकण उघडलं तेव्हा घरमालकीण बाळ बघायला दारातच उभी होती. तिने वाकून पाहिलं आणि पदर नाकाला लावला.

"अगंबाई, हे काय? तुमच्यात हे खातात?"

सविताला ती खोली मोठ्या मिनतवारीने मिळाली होती. ती म्हणाली, "छे हो. आमच्यात नाही खात. आई, कोणी दिलं तुला हे?"

आईने एकदा लेकीकडे पाहिलं. मग झाकण लावलं, फडक्याच्या गाठी पुन्हा मारल्या. "शेजारणीनं दिलं," ती घरमालकिणीला म्हणाली. "मला तरी काय ठाव, आत काय हाय ते."

त्या संध्याकाळी आई डबा घेऊन परत गेली. त्यावर ती पुढे कधीच बोलली नाही आणि सवितानेही तो विषय काढला नाही. काढायचा होता. दर दिवाळीत काढायचा होता.

दुपारी नवसाबाईने ताटं मांडली. नागलीची भाकर, कांदा आणि पातेल्यात तांबड्या रश्श्यात बुडालेल्या गोगलगायी. रोशनीने पहिली उचलली, तोंडाला लावली आणि ओढली. काहीच आलं नाही. तिने पुन्हा ओढली. नवसाबाईने एक घेऊन दाखवली. सुर्रकन आवाज झाला आणि रिकामा शंख ताटात पडला.

"आवाज केल्याबिगर येत नाय ती," नवसाबाई म्हणाली. "लाजून चालत नाय. तुझ्या आईला सांग शिकवायला. तिच्याइतक्या या घरात कोनी खाल्ल्या नसतील."

"आईने?" रोशनी म्हणाली.

"आता घ्या! दर भादव्यात डबा करून देत व्हते मी. तू जन्मली तव्हापासून. म्हातारी पैल्यांदा घेऊन गेली आन् रिकामा डबा घेऊन आली, लख्ख धुतलेला. मला म्हनली, नवसे, सवितानं बोटं चाटली, मला येक ठेवली नाय. मंग मला हुरूप आला. मी म्हनलं, शेरात राहून बी ननंद इसरली नाय. मंग दरसाल! म्हातारीचे गुडघे धरले तरी डबा सोडायची नाय ती."

सविताचा हात भाकरीवरच राहिला.

"आन् त्याफुडं तू बी कवा रिकामा धाडला नायस," नवसाबाई तिला म्हणाली. "चिवडा म्हनू नको, लाडू म्हनू नको. पोरं फाट्यावर जाऊन वाट बघायची आजीची."

खरं होतं. आई दर वर्षी पावसाळा सरताना यायची आणि तिच्या पिशवीत हा डबा असायचा, रिकामा. सविताला वाटायचं, खाऊ न्यायला आणते. एकदा तर तिच्या मनात आलंही होतं की आई आताशा मागायला लागली. तरी ती डबा काठोकाठ भरून द्यायची.

आता तिला बाकीचं एकेक आठवू लागलं. पेठची गाडी शहरातल्या एसटी स्टँडला, सीबीएसला, दहाच्या आत लागायची आणि आई घरी पोचायची बाराला. इतका वेळ कुठे होतीस म्हणून सविता चिडायची. पान वाढलं की आई म्हणायची, "भूक नाय. खाऊन आले."

सीबीएसवर गर्दी असते. कुठल्या बाकड्यावर बसत असेल? भिंतीकडे तोंड करून? आवाज केल्याशिवाय तर येत नाही गोगलगाय. लोक बघत असतील. आणि एवढे शंख, ते कुठे टाकत असेल? मग नळावर डबा घासायचा, फडकं पिळायचं आणि सातपूरची बस धरायची. एक वर्ष नाही, दोन वर्षं नाही.

"आई," रोशनी हळूच म्हणाली, "आपल्याकडे तर कधी..."

सविताने तिच्याकडे पाहिलं. रोशनीने वाक्य तिथेच सोडलं आणि पेनाला टोपण लावलं.

नवसाबाई कांदा फोडत होती. तिला ते ऐकू आलं नसावं. कांद्याची पाकळी तोंडात टाकून ती म्हणाली, "येक इचारू का सविता? आता म्हातारी नाय, म्हनून इचारते. ती व्हती तवर ती सांगल ते खरं. पन सुनेच्या हाताला तोंडावर नावं ठेवनारी बाई नव्हती ती. खरं सांग, चव कशी असायची? आंबून त नाय जायचं एसटीत? का उगं माझं मन राखायला चांगलं चांगलं म्हनायच्या तुमी दोघी?"

नवसाबाईने हे सहज विचारलं होतं, पण विचारून झाल्यावर ती चावायची थांबली. एकवीस वर्षं पहाटे उठून केलेल्या रांधपाचं काय झालं हे तिला पहिल्यांदाच खाणारीच्या तोंडून कळणार होतं.

सांगून टाकावं, असं सविताला वाटलं. शब्द तोंडापर्यंत आलेही होते. तिने मान खाली घातली, ताटातली एक गोगलगाय उचलली आणि ओढली. सुर्रकन आली. हाताला जमलं, ओठांना जमलं, जणू मधली वर्षं गेलीच नव्हती. तिने सावकाश चावली. लसूण लागला, मिरची लागली, खाचराच्या चिखलाचा थोडासा वास लागला. गिळल्यावर क्षणभर जिभेवर काय उरलंय ते ती बघत राहिली.

"चव चांगली असायची, वहिनी," ती म्हणाली. "फक्त मीठ जरा कमी असायचं."

नवसाबाईने मांडीवर थाप मारली.

"बघ! अगदी हेच! म्हातारी बी दर वक्ताला हेच सांगायची. म्हनायची, सविताला लय आवडलं, पन मीठ जरा कमी व्हतं. मी म्हनायची, बाई इतक्या लांबून मीठ मोजती का काय! दरसाल चिमूटभर वाढवायची मी, तरी हिचं कमीच." ती इतकी हसली की डोळ्यांना पाणी आलं. ते तिने पदराने टिपलं, मिठाचं भांडं उचललं आणि सविताच्या ताटाशी सरकवलं. "घे. आज तरी तुझ्या मनासारखं घे."

सविताने ते भांडं हळूच बाजूला केलं आणि पुढची गोगलगाय उचलली.

"राहू दे," ती म्हणाली. "अशीच खाते."