शेंदराखालची जाखाई

अजिनाथ गुरव देऊळ दाखवायला लागला की ऐकणाऱ्याला वाटावं, ह्याच्याच आजोबानं हे बांधलं असणार आणि कळस चढवायचा तेवढा विसरून घरी जेवायला गेला असणार. तोंड कसलं, गिरणीचा पट्टाच. केडगावात भाड्याची खोली, बायको लंकाबाई चार घरच्या पोळ्या लाटायची आणि हा बाहेरगावच्या माणसांना जिल्ह्यातली पडकी देवळं दाखवत हिंडायचा. अकोले तालुक्यापासून पारनेरपर्यंत एकही देऊळ तो सोडत नसे. एक सोडून. पारनेर तालुक्यातलं हिंगणदरा, त्याचं स्वतःचं गाव.

का, ते आधीच सांगून टाकलेलं बरं. उगाच ताणत बसण्यात काय अर्थ आहे!

हिंगणदऱ्याच्या ओढ्याकाठी एक हेमाडपंती देऊळ आहे. अर्धं छत कोसळलेलं, खांब कलंडलेले, दाराला दार नाही. त्यात जाखाई. गावाच्या लेखी जाखाई म्हणजे काय, तर शेंदराचा एक मोठा गोळा आणि वर बसवलेले दोन चांदीचे डोळे. पिढ्यान्‌पिढ्या शेंदूर चढत गेलेला. आत दगडात काय कोरलंय ते फक्त गुरवाच्या घराला ठाऊक. अजिनाथ लहान होता तेव्हा एकदा शेंदराची खोळ सुटून पडली. त्याच्या बापानं दाराला घोंगडी बांधली, आई बनुबाईनं आणि ह्या पोरानं मिळून देवीला आंघोळ घातली आणि गाव उठायच्या आत नवा शेंदूर चढवला. उघडी देवी गावानं बघायची नसते, असा तिथला रिवाज.

तर एका सकाळी जाखाई जागेवरून गायब. खाली नुसते पहारेचे घाव. आणि दोनच दिवस आधी अजिनाथनं मुंबईचे पाहुणे देऊळ बघायला आणलेले. झालं! गावाला आणखी काय लागतं? पोलिसांनी नेलं, हाणलं, काही निघालं नाही म्हणून सोडलं. गावानं मात्र सोडलं नाही. पूजेचा मान चुलतभावाकडे, सहादेवाकडे गेला. राजस्थानची पांढरीफेक जाखाई आली, तिच्यासाठी फरशीचं नवं देऊळ झालं, आणि अजिनाथनं बायकोला घेऊन केडगाव गाठलं.

म्हातारी बनुबाई तेवढी गाव सोडेना. पारावर उभी राहून सांगायची, "तिला कुनी न्हेली न्हाई. रुसली आन् आपल्या पायानं गेली. माझ्या पोराचा काय संबंद? परत यील तवा तिला आंगूळ घालाया कुनी नगं का? म्हून बसलीया मी हितं." अख्ख्या हिंगणदऱ्यात अजिनाथला चोर न म्हणणारं हे एवढंच माणूस. गडी त्या एका माणसावर जगत होता, खोटं नाही सांगत.

यंदाच्या जानेवारीत पुण्याचं एक जोडपं आलं, रविराज आणि निकिता. गाडी नवीकोरी, कॅमेरा गळ्यात, आणि जुन्या देवळांचं वेड. दोन दिवस फिरायचं ठरलं. पहिला दिवस अकोल्याच्या डोंगरात, दुसरा पारनेरकडं.

पहिल्या दिवशी भंडारदऱ्याच्या धरणाकाठच्या रानात एक पडकं देऊळ गाठलं. नुसते चार खांब आणि करवंदीच्या जाळीत लोळणारे दगड. पण अजिनाथनं त्या दगडांना असं बोलतं केलं की बघत राहावं. एका खांबावर आरसा धरलेली बाई होती. तो म्हणाला, "ताई, हिला बघा. किती पिढ्या आल्या आन् गेल्या, हिचं नटनं काय सरंना. नवरा जेवनासाठी खोळंबलाय, पन ही म्हंती, थांबा की वाईच!"

निकिता खळखळून हसली. "अहो काका, आमच्या फार्महाऊसवर पण एक अशीच आहे. आरसा नाही, पण बाळ आहे कडेवर. दाखवते थांबा." आणि तिनं मोबाईल त्याच्यापुढं धरला.

हिरवं गवत, मधोमध छोटंसं तळं, तळ्यात कारंजं, आणि कारंज्यात दगडाची बाई. कडेवर मूल. मुलानं मुठीत आईच्या गळ्यातली माळ धरून ओढलेली.

अजिनाथनं मोबाईल डोळ्यांजवळ ओढला. लहानपणी घोंगडीआड देवीला आंघोळ घालताना त्या दगडी मुठीत त्यानं आपलं बोट घालून पाहिलं होतं. बाप ओरडला होता, "अरं, ते बी लेकरूच हाय, छळू नगंस त्याला." तीच मूठ. तीच माळ. तो मटकन खाली बसला.

"काका, काय झालं? ऊन लागलं का?" रविराजनं पाण्याची बाटली पुढं केली. अजिनाथ नुसता मान हलवत राहिला.

दुसरा दिवस असा गेला की विचारू नका. पारनेरकडची देवळं त्यानं धावत पळत उरकली. निकिता म्हणाली, "काका, कालच्यासारखं सांगा ना काहीतरी." तर हा म्हणाला, "दगड हाय, ताई." आणि गाडीकडं चालायला लागला. शेवटी न राहवून त्यानं हात जोडले. "साहेब, तुमच्या तळ्यातली ती बाई मला एकदा डोळ्यानं बगू द्या." लोकांना आपली वस्तू दाखवायला काय, हौसच असते. सुप्याच्या पुढं, पुण्याच्या रस्त्याला आत वळून फार्महाऊस होतं. गाडी तिकडं निघाली.

तिथं जाखाई उभी होती. शेंदराचा कण अंगावर नाही. कशानंतरी घासून घासून काळी चकचकीत केलेली, डोक्यावरून पंपाचं पाणी गळतंय, पायाशी रंगीत मासे. अजिनाथनं गवताच्या कडेलाच चपला काढल्या, कपड्यांनिशी तळ्यात उतरला, दगडी मुठीत बोट घातलं आणि गुरासारखा हंबरडा फोडला. "तुला कुठं आनून हुबी केली गं माझे बाई! कुनी धुतलं तुला आसं!"

मग त्यानं सगळं सांगितलं. रविराज काही वाईट माणूस नव्हता हो. तो खरोखर पांढरा पडला. जुन्या दगडी वस्तू विकणाऱ्या कुणाकडून तरी त्यानं ती घेतली होती. शोभेची बाई म्हणून. तो म्हणाला, "काका, देवी असेल तर मला घरात नको. पण मी ती उचलून कुणालाही कशी देऊ? तुमच्या गावातली चार माणसं इथं येऊ देत. ही आमची, एवढं म्हणू देत. मी स्वतः गाडीत घालून आणून बसवतो."

चार माणसं! एवढंच! अजिनाथचा जीव भांड्यात पडला. निकितानं त्याच्या मोबाईलवर फोटो पाठवून दिले, समोरून, बाजूनं, मुठीचा जवळून. घरी आल्यावर लंकाबाई म्हणाली, "एकटे जाऊ नका तिथं. मी येते संगं."

"एकटा कुठं?" तो खिशावर हात ठेवून म्हणाला, "जाखाई हाय की." किती दिवसांनी हसला होता तो.

सकाळच्या जीपनं तो हिंगणदऱ्यात उतरला. नव्या देवळापुढं माणसं उन्हाला बसलेली. सहादेव आरतीचं ताट पुसत होता. गावचा पुढारी गोरक्षनाथ खुर्ची टाकून बसला होता. अजिनाथनं रामराम घातला, कुणी घेतला नाही. त्यानं तिकडं लक्षच दिलं नाही. मोबाईल काढून सरळ गोरक्षनाथच्या हातात दिला. "घावली. आपली जाखाई घावली!"

मोबाईल हातोहात फिरला.

"ही कोन बाई?"

"नाचीन दिसती कुनीतरी."

"जाखाई म्हंतो व्हय रं हिला? शेंदूर कुठाय? डोळं कुठायत?"

आता ह्यात त्यांचं तरी काय चुकलं, सांगा. त्यांनी जन्मभर शेंदूर पाहिलेला. देवीचं तोंड बघितलंय कुणी? अजिनाथ जीव तोडून सांगत होता, ही मूठ बघा, ही माळ बघा, आणि समोरची माणसं त्याच्याकडं अशी बघत होती, जणू हा दुसऱ्याच कुठल्या गावची गोष्ट सांगतोय. मग तो गर्रकन वळला आणि पळतच घरी गेला. अंगणात शेंगा फोडत बसलेल्या म्हातारीचा हात धरून तिला देवळापुढं घेऊन आला. "आई, तू सांग ह्यांला. तू धुतलीस तिला. तू सांग."

बनुबाईनं पदरानं चष्मा पुसला. मोबाईल दोन्ही हातांनी डोळ्यांजवळ नेला. किती वेळ ती बघत होती.

"हीच," ती म्हणाली. "हीच गं माझी बाय ती. लेकराची मूठ बगा की वं. माज्या ह्या हातानं राख लावून घासलीया तिला." आणि तिनं त्या मोबाईलवर कपाळ टेकलं.

सहादेवानंसुद्धा नकळत हात जोडले. अजिनाथला वाटलं, संपलं. इतक्या वर्षांचं सगळं फिटलं. तो हसत, रडत म्हणाला, "चला मग, गाडी करू. चौघं जन चला फकस्त."

गोरक्षनाथ काही ओरडला नाही, चिडला नाही. शांतपणे म्हणाला, "बनुकाकू, तुमी म्हंता म्हंजी आसंल. तुमी काय खोटं बोलनार न्हाई. पन मंग ती आपल्या पायानं गेली न्हाई. बरूबर का? कुनीतरी उपटून न्हेली."

म्हातारीनं वर बघितलं.

"आता मला एक सांगा. शेंदराचा गोळा चोरून कोन न्हेतं? खाली आसली नक्षीची बाई हाय, हे त्या चोराला कुनी सांगितलं? आमाला तर आज कळतंय. आमी हितं जल्मलो, म्हातारं झालो."

सांगितलं होतं अजिनाथनं.

एकाला नाही, येईल त्या प्रत्येक पाहुण्याला. देवळात नेलं की तो आवाज बारीक करायचा, इकडंतिकडं बघायचा आणि म्हणायचा, "वरून शेंदूर दिसतोय तुमाला. पन खाली आशी बाई हाय की बगनाऱ्याचं भान हरपंल. ती फकस्त मला ठाव हाय." पाहुण्यांचे डोळे मोठे व्हायचे आणि ह्याच्या अंगावर मूठभर मांस चढायचं. त्याच्या सगळ्या बोलण्यातलं हे हुकमी बोलणं. त्या मुंबईच्या पाहुण्यांनाही सांगितलं होतं. त्यातल्या एकानं बोटाच्या पेरानं शेंदरावर टकटक करून पाहिलं होतं, आणि हा बाजूला उभा राहून कौतुकानं हसला होता. चोरी मी केली नाही, एवढंच घोकत इतकी वर्षं काढली. देवाशपथ, हे त्याच्या मनाला एकदाही शिवलं नव्हतं.

"बोल की," बनुबाई म्हणाली.

"आई, म्या इकली न्हाई तिला. तुझी आन."

"म्या ते इचारलं न्हाई. सांगितलंस का कुनाला?"

गिरणीच्या पट्ट्यासारखं चालणारं ते तोंड, त्याच्यातून एक 'न्हाई' निघेना. खोटं बोलला असता तर तेव्हाच सुटला असता मेला. पण जाखाईचा फोटो आईच्या हातात होता आणि त्याची मान खाली गेली.

म्हातारी उभ्या उभ्या हलली. सहादेव धरायला पुढं आला, तर तिनं त्याचा हात झटकला. "रुसून गेली म्हून सांगत हुते मी सगळ्यांला," ती म्हणाली. "समद्यांशी भांडले. पोरीबाळी हसायच्या मला. आन् तिला लोकांनी पहारीनं उपटून न्हेली व्हय? कडंवरच्या लेकरासकट?" तिनं मोबाईल अजिनाथच्या हातात दिला. नुसता दिला नाही, त्याची बोटं त्यावर मिटवून दिली, लहानपणी खाऊ द्यायची तशी. "जा आता तू. आन् ऐक. माज्या मढ्याला पानी पाजाया येऊ नगंस. सहादेव पाजंल."

एवढं बोलून ती घराकडं चालायला लागली. अजिनाथ "आई, आई" करत दोन पावलं मागं गेला, पण तिनं वळून पाहिलं नाही आणि अंगणातलं फाटक आतून लावून घेतलं.

माणसं पांगायला लागली. एक जण म्हणाला, "मंग आनायची का न्हाई ती?" गोरक्षनाथ उठत म्हणाला, "आनून ठिवायची कुठं? ह्या नव्या देवीची प्रानप्रतिष्ठा झालीया. आन् ती आता चारचौघांत उघडी पडलेली. नगं बाबा." सहादेवानं ताट उचलून आत नेलं.

अजिनाथ फाट्यापर्यंत चालत आला. जीपला वेळ होता. बाभळीखाली बसला होता, तेवढ्यात मोबाईल वाजला. रविराज होता. "काका, काय झालं? येताय ना माणसं घेऊन? मी माळ्याला सांगून ठेवलंय, काढायची तयारी करून ठेव म्हणून."

"न्हाई साहेब. कुनी येनार न्हाई. ती आमच्या गावची न्हाई."

"अहो, पण काल तुम्ही..."

"चुकलं माझं. आसू द्या तिला तिथंच." पलीकडून रविराज हॅलो हॅलो करत राहिला, तेव्हा अजिनाथ म्हणाला, "फकस्त तो पान्याचा पंप तेवढा थंडीचा बंद ठेवत जावा, साहेब. तिच्या कडंवर लेकरू हाय."