भिंतीने हुकूम पाळला

न्यायालयाच्या अवमानाबद्दल मला कैद झाली. आता हे वाक्य विसरा. काही झालंच नाही असं धरून चाला. मीही तसंच धरून चालतो.

मी गवंडी. आमच्या आणि शेजारच्या शिंपीकाकांच्या घरांच्या मधे भिंत बांधायला घेतली. कमरेएवढी झाली तोच काका म्हणाले, ही वीतभर माझ्या हद्दीत आलीय. गेले कोर्टात. कोर्टाने हुकूम दिला: जैसे थे. त्या वेळी बाबा भिंतीला टेकून मला काम शिकवत होते. 'माल पातळ झालाय रे,' एवढं म्हणाले आणि काम थांबलं.

तारखांवर तारखा पडल्या. मध्येच बाबा वारले. मग निकाल लागला: भिंत पाडा.

पाडली. विटासुद्धा नीट रचून ठेवल्या. सकाळी बघतो तर भिंत उभी. विटांमधला माल ओला. आणि तिला टेकून बाबा.

'माल पातळ झालाय रे.'

दुसरं काही बोलत नाहीत. चहा दिला तर कपाकडे नुसते बघतात. पाठीवर हात ठेवला तर भिजवलेल्या विटेसारखी गार लागते.

पुन्हा पाडली. पुन्हा तेच. काकांनी अवमानाचा अर्ज ठोकला.

'कोर्टाचा हुकूम मोडताना काही वाटत नाही?' न्यायाधीशबाईंनी विचारलं.

'मी भिंत मोडतोय, मॅडम. हुकूम ती पाळतेय.'

माझी वकील म्हणजे माझीच मावसबहीण. फाइल चाळता चाळता ती पांढरी पडली. 'अरे बाळा, तो जैसे थे उठवायचाच राहिलाय! एक अर्ज टाकते. भिंतही जाईल, कैदही टळेल.'

'आणि बाबा?'

ती चष्मा पुसत बसली.

'मग राहू दे,' मी म्हणालो.

रात्री कोठडीत झोपलो. सकाळी डोळे उघडले तर भिंतीपाशी, हातात थापी. हुकूम झाला तेव्हा मी तिथेच होतो ना! जेलर रोज संध्याकाळी मला न्यायला येतात. आता चपला दाराबाहेर काढण्याइतकी ओळख झालीय.

पण काकांनाही मेख कळली. जैसे थे उठवायचा अर्ज त्यांनीच टाकलाय.

'तुझा बाप रोज माझ्या हद्दीत टेकतो,' काका म्हणाले. बाबांकडे मात्र बघत नव्हते.

'टेकू द्या की, काका. आता कुठे वजन आहे त्यांना?'

उद्या सुनावणी. उत्तर लिहून द्यायला बहिणीने हात जोडून नकार दिला, म्हणून मीच लिहिलं:

'सबब नम्र विनंती की, जैसे थेचा हुकूम कायम ठेवावा आणि त्याची तारीख दोन वर्षं मागे न्यावी. त्या तारखेस सदर भिंत नव्हती, त्यामुळे शेजाऱ्यांची तक्रार उरणार नाही. आणि आई होती.'