रेघ उठेना

"परत मारा फुंकर," प्रियदर्शनी मॅडम म्हणाल्या.

मी पायाखालचं बटण दाबलं. हल्ली ते दाबलं गेलं की नाही हे पायाला नीट समजत नसे, म्हणून मी पंपाच्या आवाजावर भरवसा ठेवायचो. पंप फुस्स झाला. माझ्या मोज्यावरून गेलेली हवा नळीतून निघून डासाच्या मिशीवर पोचली आणि पडद्यावरची हिरवी रेघ जशी होती तशीच पुढे सरकत राहिली. इस्त्री फिरवल्यासारखी सपाट.

"मादी शिळी असंल मॅडम," मी म्हणालो.

"आत्ताच तर बसवलीय. तुम्हीच बसवलीत ना?"

त्यांनी माझी नळी काढून येडूच्या मोज्याची लावली. फुस्स. रेघ टुणकन खाली गेली नि वर आली. पुन्हा माझी लावली. सपाट. येडू माझ्याबरोबरचा मदतनीस, तोंडाचा लई फटकळ. तो खिदळलाच.

"घ्या! जावयाला सासरवाडी इसरली की वो!"

मीही हसलो. हसता हसता नळी मात्र पुन्हा एकदा काढून लावून पाहिली.

आमची प्रयोगशाळा डासांची आहे. डासाला माणसाचा वास कसा येतो, हे मोजायचं काम. त्या मोजण्याला इलेक्ट्रोअँटेनोग्राम म्हणतात. पहिल्या वर्षी हा शब्द म्हणताना माझी जीभ तीनदा अडखळायची, आता पाव्हण्यांसमोर एका दमात म्हणून दाखवतो. काम तसं साधं आहे. बर्फावर ठेवून डासाच्या मादीला सुस्त करायचं, भिंगाखाली तिचं डोकं वेगळं करून दोन बारीक तारांमध्ये बसवायचं आणि मिशीवर वासाची फुंकर सोडायची. मिशीला वास आला, की तिच्यातून कणभर वीज जाते आणि पडद्यावर रेघ हलते. मधूनमधून एक कोरी फुंकर द्यायची, म्हणजे नुसती स्वच्छ हवा, कसलाच वास नसलेली. कोऱ्या फुंकरीलाही रेघ हलली, तर समजायचं, मिशी खोटं बोलतेय.

आणि वास कुणाचा? तर माझा. एवढ्या माणसांतून डासांना मीच पसंत पडलो होतो. दिवसभर काळा मोजा घालायचा, घरी गेल्यावरही झोपेपर्यंत काढायचा नाही, मग पिशवीत बंद करून फ्रीजच्या बर्फाच्या कप्प्यात ठेवायचा आणि सकाळी घेऊन यायचा. नवीन काम सुरू झालं, की पहिली फुंकर चन्नवीरच्या, म्हणजे माझ्या, मोज्याची. त्यावर रेघ उठली, की मशीन ठीक. लोक पगार सांगतात, पदवी सांगतात. मी माझी रेघ सांगायचो. कुणी हसलं तर हसू दे.

त्या दिवशी मात्र सांगायला रेघच नव्हती. जिना उतरताना एक चप्पल मागे राहिली आणि मी तसाच फाटकापर्यंत आलो. येडूने मागून आणून दिली.

"ध्यान कुटंय मामा तुमचं?"

ध्यान अव्वापाशी होतं, माझ्या आईपाशी. अक्कलकोटकडच्या आमच्या गावी अव्वा आजारी होती तेव्हाची गोष्ट. डॉक्टर म्हणत होता, उतार पडेल. एका सकाळी मी तिच्या उशाशी गेलो तर पांढऱ्या अभ्र्यावर काहीतरी काळं काळं चालत होतं. उवा होत्या. जन्मभर तिच्या केसांत राहिलेल्या उवा खाली उतरून ओळीनं भिंतीकडे निघाल्या होत्या. सावित्रम्मा आत्याने पाहिलं आणि ती कानडीत हळूच म्हणाली, "हेनु होंटाव." उवा निघाल्या. तिने पदर तोंडात कोंबला. दिवस मावळायच्या आत अव्वा गेली.

म्हणजे माणसाच्या आधी किड्यांना समजतं. डॉक्टरच्या आधी, लेकराच्या आधी. आणि आता डास मला ओळख दाखवत नव्हते. देवा रे, तसली सपाट रेघ तर मी दवाखान्यातल्या पडद्यावर, माणूस गेल्यावर पाहिली होती.

घरी आलो. शिवबाई भाकऱ्या थापत होती. आमचं लग्न झालं तेव्हापासून तिने माझ्या नोकरीची चौकशी कधी सोडली नाही. फ्रीजमध्ये दह्याच्या भांड्याशेजारी मोजा ठेवायचा म्हटल्यावर मात्र तिने पहिल्यांदा घर डोक्यावर घेतलं होतं. "लिंगायताच्या घरात देवाच्या दुधाजवळ पायाचं ठिवता व्हय?" मग तिनेच एक जुना डबा दिला होता, झाकणाचा.

"आज सुरू झालं न्हवं काम?" तिने विचारलं. "काय म्हणली रेघ?"

तिला खरं सांगायचं नव्हतं. ती घाबरली असती. मी तोंडभर हसून म्हणालो, "उठली की! चांगली दोन बोटं उठली."

तिचा हात परातीतच थांबला. तव्यावरची भाकरी करपायला लागली तरी ती उलटेना.

"उठली?"

"आता काय पंचांग दाखवू? उठली म्हणलो की."

मग तिने करपलेली भाकरी उलटली. मी तांब्याभर पाणी प्यालो, पुन्हा अर्धा तांब्या प्यालो. आमच्याकडे नळाला पाणी चार-पाच दिवसांनी येतं, त्यामुळे माझ्या पाणी पिण्यावर ती एरवी टोमणा मारते. त्या दिवशी मारला नाही. नुसती माझ्याकडे बघत राहिली. मला वाटलं, माझ्या तोंडावर सगळं लिहिलेलं दिसतंय की काय. म्हणून मी मोजा घालूनच लवकर अंथरुणावर पडलो आणि झोप येतेय म्हणत तो काढून तिच्या हाती दिला.

दुसऱ्या दिवशी रेघ उठली नाही. तिसऱ्या दिवशीही नाही.

मॅडम फार भल्या बाई. आधी त्यांनी मशीनच उलटंपालटं केलं, तारा बदलल्या. मग माझ्यापुढे खुर्ची ओढून बसल्या.

"चन्नवीर, पायाला काही लावता का? मलम, तेल, पावडर?"

"काय न्हाय मॅडम."

"मोजा धुतला वगैरे नाही ना?"

"कसा धुईन? इतकी वर्षं झाली मला."

त्यांनी माझ्याकडे जरा निरखून पाहिलं. "बरं, असं करा. पिंजऱ्यात हात घालून बघू. माद्या बसतात का ते तरी समजेल."

पिंजरा टेबलावरच होता. जाळीच्या आत शेकडो माद्या भुकेल्या लटकल्या होत्या. मी कित्येकदा त्यात हात घातला आहे, गाणं गुणगुणत घातला आहे. त्या दिवशी बाही वर सरकवली आणि हात पिंजऱ्याच्या तोंडाशी थिजला. बसल्या नाहीत तर? एकही बसली नाही तर? मग जगात विचारायला आणखी कोण उरलं?

"मॅडम, आज नको. हाताला खाज हाय जरा."

खाज नव्हती. मी बाही घाईनं खाली ओढली आणि ते त्यांनी पाहिलं.

"तब्येत दाखवून घ्या एकदा," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "घाबरू नका. उगीच आपलं, एकदा दाखवून ठेवलेलं बरं."

घाबरू नका म्हटल्यावर जो घाबरत नाही तो माणूस मी अजून पाहिलेला नाही. विजापूर रस्त्याने घरी येताना मला सगळं शेवटचं दिसायला लागलं. चौकातला भजीवाला शेवटचा, रसवंतीची घंटा शेवटची. आपल्यामागे शिवबाई या शहरात एकटी पिपं कशी भरणार, असं मनात आलं आणि मी भर रस्त्यात रडलो. लोकांना वाटलं, धूळ गेली डोळ्यांत. या शहरातल्या धुळीचा तेवढाच फायदा.

त्या संध्याकाळी तिने पुन्हा विचारलं, "रेघ?" मी पुन्हा म्हणालो, "उठली." तिचे डोळे सुजलेले दिसले, पण कांदा चिरत होती म्हणून मी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी पाण्याची पाळी होती. पहाटे नळ सूं सूं करायला लागला तसा मी पिपं सरकवायला उठलो. शिवबाई अंथरुणात नव्हती. मोरीत उजेड होता.

ती पाटावर बसली होती. पुढ्यात गरम पाण्याची बादली होती, आणि हातात माझा काळा मोजा. ती तो दगडावर घासत होती, पिळत होती, नाकाशी नेत होती आणि पुन्हा पाण्यात बुडवत होती. बाजूला, मोजा वाळवायला, इस्त्री तापत ठेवलेली होती.

मी क्षणभर बघतच राहिलो. आणि मग काय सांगू, मला असं हसू फुटलं, असं फुटलं की भिंतीला टेकावं लागलं. मरण नव्हे, धुणं! साधं धुणं!

"अगं बये! तू धुतीस व्हय मोजा? मी तिकडं मरायला टेकलोय की गं! डासाला वास येईना, रेघ उठेना, मॅडम म्हणत्यात डॉक्टरला दाखवा. आन तू हितं धोबीघाट मांडलायस! लाज वाटली व्हय नवऱ्याच्या घामाची?"

ती हसली नाही. मोजा हातात घट्ट धरून वर बघत राहिली.

"उठली न्हाय रेघ?"

"कशी उठंल? धुतल्यावर काय ऱ्हातंय त्यात?"

"मग उठली म्हणून का सांगिटलं?" तिचा आवाज चिरकला. "रोज सांगिटलं उठली, उठली. मी म्हणलं, धुतलं तरी मशीनला वास कळतोय. म्हणून परत घासलं. हाताची सालं गेली माझ्या!"

"अगं पण धुतीस कशापायी?"

तिने मान खाली घातली. नळ जोरात सुरू झाला होता, त्यामुळे मला तिच्याजवळ उकिडवं बसावं लागलं.

"वास बदललाय तुमचा," ती म्हणाली. "लई दिस झालं. अंथरुणाला यायचा, चपलीला यायचा. तुमी घाम म्हणाल, पर ह्यो घामाचा न्हाय. आमच्या आप्पांच्या पायाला असाच यायचा, साखरंचा आजार झाल्ता तवा. पाय काढला त्यांचा. पर वास मी इसरले न्हाय. तुमचं ते मशीन वासाचं सगळं मोजतंय म्हणता. म्हणलं, मशीननं वळखलं आन सगळ्यांसमोर सांगिटलं, म्हंजी मग ते खरंच झालं की."

मॅडमनी मला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, माणसाला स्वतःचा वास येत नाही. मी ते वाक्य येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकवत आलो होतो.

"काय तरीच बोलतीस," मी म्हणालो. "पाय दुखत सुद्दा न्हाय माझा."

"दुखत न्हाय, तेच म्हणते मी. द्या हिकडं."

तिने माझा डावा पाय ओढून मांडीवर घेतला. लग्नात पाय धुतले होते, त्यानंतर तिने असा पाय हातात घेतल्याचं मला आठवत नाही. तिने तळवा दिव्याकडे वळवला. तिचा श्वास अडकल्याचं मला ऐकू आलं. मी वाकून पाहिलं. अंगठ्याच्या बुडाशी, जिथे मी पंपाचं बटण दाबतो तिथे, रुपयाएवढी जखम होती. कडा पांढऱ्या, मधे ओली. ती कधी झाली, मला पत्ता नव्हता.

पाणी समोर धो धो वाहत होतं आणि मला तांब्या उचलवेना.

"डोळं मिटा," ती म्हणाली.

"कशाला?"

"मिटा म्हणते की."

मी मिटले. मला एवढंच कळत होतं, की आता नाही म्हणायचं नाही. हिच्यासमोर तरी नाही.

"कळतंय का?" तिने विचारलं.

"कळतंय की," मी म्हणालो. "बोट लावलंस. जखमंच्या कडंला."

मी डोळे उघडले. माझा पाय तिच्या मांडीवर तसाच होता आणि तिचे दोन्ही हात मघापासून तिच्या स्वतःच्या तोंडावरच होते.

पाठीमागे पीप भरून पाणी मोरीत सांडत होतं. चार दिवसांचं पाणी. आम्हा दोघांपैकी कुणीही उठलं नाही.